नोंदणी कार्यालयापर्यंतची सोबत

अमेरिकेतील मिसिसिपी राज्यात १९६०च्या सुमारास मतदार यादीत नाव घालून घ्यायचे असेल, तर काउंटीच्या, म्हणजे तेथील जिल्ह्याच्या, न्यायालयाच्या इमारतीत जाऊन २१ प्रश्नांचा एक अर्ज स्वतःच्या हाताने भरावा लागे. नाव, वय, पत्ता आणि कोणाकडे कामाला आहात हे सुरुवातीचे प्रश्न. त्यापुढे नोंदणी अधिकारी राज्याच्या घटनेतील एखादे कलम काढून देई, ते जसेच्या तसे उतरवायचे, खाली त्याचा अर्थ लिहायचा आणि शेवटी घटनात्मक शासनव्यवस्थेत नागरिकाची कर्तव्ये कोणती यावर चार ओळी लिहायच्या. त्या घटनेत २८५ कलमे होती. कोणाला कोणते कलम द्यायचे हे अधिकारी ठरवी आणि लिहिलेला अर्थ बरोबर की चूक हेही तोच ठरवी. कर्ज फेडता आले नाही म्हणून कोणाला तुरुंगात टाकता येणार नाही, असे सांगणारे एका ओळीचे कलम गोऱ्या अर्जदारांच्या वाट्याला येई, तर कृष्णवर्णीय अर्जदारापुढे, मग तो शाळामास्तर का असेना, वकिलालाही दोनदा वाचावे लागेल असे कलम ठेवले जाई. शिवाय १९६२ साली केलेल्या कायद्यानुसार अर्ज करणाऱ्याचे नाव स्थानिक वृत्तपत्रात दोन आठवडे छापले जाई, म्हणजे मळ्याच्या मालकाला, दुकानदाराला आणि रात्री बंदुका घेऊन हिंडणाऱ्यांना ते आपोआप कळे.

हा अर्ज मी पूर्ण वाचला तो २०२४च्या जानेवारीत, सोलापुरात, आणि तेही एका विद्यार्थिनीच्या प्रश्नामुळे. लोकसभेची निवडणूक जवळ आली होती आणि आमच्या महाविद्यालयातील राष्ट्रीय सेवा योजनेच्या मुलामुलींना घेऊन मी शहराच्या पूर्व भागात मतदार नोंदणीसाठी घरोघरी फिरत होते. ज्यांना सोलापूर ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगते, की पूर्व भाग म्हणजे यंत्रमागांचा, चादरी-टॉवेलांचा आणि विड्या वळणाऱ्या बायकांचा भाग. येथे घराघरांत तेलुगू बोलली जाते आणि दारातल्या माणसाशी मराठीत बोलले जाते. पहिल्याच आठवड्यात प्रथम वर्षाच्या एका मुलीने मला विचारले, “मॅडम, दुसऱ्या देशातसुद्धा विद्यार्थी असे दारोदार गेले होते का?” मी राज्यशास्त्र शिकवते. कृष्णवर्णीयांची मतदार नोंदणी करायला विद्यार्थी मिसिसिपीत गेले तो १९६४ सालचा उन्हाळा मला परीक्षेच्या टिपणाइतका माहीत होता, पण दारात उभे राहून नेमके काय बोलले गेले, कोण कोणाबरोबर गेले, कोण परत आले नाही, हे काहीच माहीत नव्हते. त्या प्रश्नाचे उत्तर म्हणून वाचायला घेतले आणि अजून ते वाचन थांबलेले नाही.

अर्ज वाचताना प्रथम आठवले ते बाबासाहेबांचे सायमन आयोगापुढील निवेदन. १९२८ साली प्रौढ मताधिकाराची मागणी करताना त्यांनी साक्षरतेची अट ठामपणे नाकारली होती. निरक्षर माणूस बुद्धिहीनच असतो हे समजणे चूक आहे आणि अक्षरओळखीमुळे माणसाची समज आपोआप वाढते हे मानणेही तितकेच चूक आहे, असा त्यांचा युक्तिवाद होता. ज्यांना शतकानुशतके शाळेचे दार बंद ठेवले, त्यांनाच मतपेटीच्या दारात ‘वाचता येते का’ असे विचारण्यातील अन्याय त्यांना आरपार दिसत होता. मिसिसिपीने १८९०च्या आपल्या घटनेत नेमके हेच केले. अमेरिकेच्या संविधानातील १८७०च्या पंधराव्या दुरुस्तीने वंशावरून मताधिकार नाकारण्यास मनाई केली होती, म्हणून कायद्यात वंशाचा शब्द न आणता दोन डॉलरचा मतदान कर आणि घटनेचा अर्थ सांगण्याची परीक्षा आणली गेली. परिणाम असा, की १९६०च्या दशकाच्या सुरुवातीला राज्यातील मतदानाच्या वयाच्या कृष्णवर्णीयांपैकी सात टक्केसुद्धा यादीत नव्हते.

कृष्णवर्णीयांच्या नागरी हक्कांच्या या चळवळीतील विद्यार्थ्यांच्या पहिल्या पिढीचा एक धागा आपल्या महाराष्ट्रातून गेलेला आहे. जेम्स लॉसन हे कृष्णवर्णीय तरुण धर्मोपदेशक सक्तीच्या सैन्यभरतीला नकार दिल्याबद्दल तुरुंगवास भोगून १९५३ साली नागपूरला आले आणि हिस्लॉप महाविद्यालयात तीन वर्षे राहिले. गांधीजींच्या सत्याग्रहाचा त्यांनी येथे अभ्यास केला. बसमधील वर्णभेदाविरुद्ध कृष्णवर्णीयांनी माँटगोमेरी शहरात पुकारलेल्या बस बहिष्काराची बातमी त्यांनी नागपुरातील वृत्तपत्रातच वाचली. परत गेल्यावर नॅशव्हिल शहरात त्यांनी विद्यार्थ्यांसाठी अहिंसक प्रतिकाराचे वर्ग घेतले. अंगावर कोणी थुंकले तर काय करायचे, खुर्चीवरून ओढून काढले तर कसे पडायचे, शेजारच्याला मार बसत असेल तर आपण मध्ये कसे यायचे, या सगळ्याची तेथे तालीम होई. डायन नॅश, जॉन लुईस, बर्नार्ड लाफायेट हे त्या वर्गातले विद्यार्थी. १ फेब्रुवारी १९६० रोजी ग्रीन्सबरो येथे चार विद्यार्थी गोऱ्यांसाठी राखलेल्या उपाहारगृहाच्या बाकावर जाऊन बसले, त्याचे लोण दक्षिणेत पसरले, आणि एप्रिलमध्ये एला बेकर यांनी बोलावलेल्या बैठकीतून विद्यार्थ्यांची स्वतःची समन्वय समिती उभी राहिली. तिची इंग्रजी आद्याक्षरे जुळवून लोक तिला ‘स्निक’ म्हणत. तिच्या उद्दिष्टांचा मसुदा लॉसन यांच्याच हातचा. हे मी वर्गात सांगितले तेव्हा मागच्या बाकांवरची मुलेसुद्धा सरसावून बसली. नागपूर म्हणजे त्यांच्यासाठी रात्रीच्या गाडीने पोहोचण्याचे गाव आहे.

उपाहारगृहाच्या बाकावरून चळवळ मतदार यादीकडे वळली ती विद्यार्थ्यांच्या सुचण्याने नव्हे, हे मला महत्त्वाचे वाटते. बॉब मोझेस हा न्यूयॉर्कमधला गणिताचा तरुण शिक्षक १९६० साली मिसिसिपीत गेला आणि तेथे ॲमझी मूर या स्थानिक कार्यकर्त्याला भेटला. मूर यांनी त्याला स्पष्ट सांगितले, की आम्हाला हवे आहे ते मत. मोझेस पुढच्या वर्षी परत आला, मॅकोम्ब गावात राहिला, आणि नोंदणीच्या अर्जाचे वर्ग घेऊ लागला. ऑगस्ट १९६१मध्ये तो ॲमिट काउंटीतील तिघांना घेऊन लिबर्टी गावच्या न्यायालयात गेला. अधिकाऱ्याने दरडावून विचारले, काय पाहिजे? त्या तिघांपैकी एकाच्याही तोंडून शब्द फुटेना. आयुष्यभर ज्या खोलीची भीती बाळगली त्या खोलीत ते उभे होते. शेवटी मोझेसनेच सांगितले, की यांना मतदार म्हणून नाव नोंदवायचे आहे. त्या एका वाक्यासाठी तो त्यांच्याबरोबर गेला होता. परतीच्या वाटेवर त्याला अटक झाली. काही दिवसांनी पुन्हा दोघांना घेऊन जाताना त्याला रस्त्यात मारहाण झाली, डोके फुटले, आणि तशा रक्ताळलेल्या अवस्थेतही तो त्यांना घेऊन कार्यालयापर्यंत गेला. डोक्याला टाके पडले ते त्यानंतर.

आणि तरीही सर्वांत मोठी किंमत मोझेसने दिली नाही. त्याला गाडीतून गावोगाव नेणारे शेतकरी हर्बर्ट ली, नऊ मुलांचे वडील, यांना २५ सप्टेंबर १९६१ रोजी दिवसाढवळ्या गोळी घालण्यात आली. गोळी घालणारा राज्य विधिमंडळाचा सदस्य होता आणि त्याला कोणतीही शिक्षा झाली नाही. या हत्येचे साक्षीदार लुईस ॲलन यांचा ३१ जानेवारी १९६४ रोजी त्यांच्याच घराच्या फाटकापाशी खून झाला. विद्यार्थी कार्यकर्ता गाव सोडून जाऊ शकतो, त्याच्या मागे कुठेतरी एक घर असते. ज्याच्या दारावर तो थाप मारतो त्याचे घर तेच असते, शेत तेच असते, मुलांची शाळा तीच असते. या चळवळीविषयी वाचताना मी दर पानाला स्वतःला याची आठवण करून देत राहिले, कारण आपल्याकडेही स्वयंसेवकाचे कौतुक लवकर होते आणि दार उघडणाऱ्याचे क्वचित.

आमच्या फिरण्यात कोणाच्या जिवाला धोका नव्हता, हे येथेच स्पष्ट लिहायला हवे. आपल्या संविधानाने प्रत्येक प्रौढाला पहिल्या दिवसापासून मत दिले, आपला नमुना क्रमांक ६ हा साधा अर्ज आहे, आणि त्यात कोणी घटनेचे कलम समजावून सांगा म्हणत नाही. त्यामुळे मिसिसिपीशी आमच्या कामाची बरोबरी करण्याचा विचारही मला अनुचित वाटतो. परंतु दार मात्र दारासारखे असते. एका गल्लीत सत्तरीच्या पुढच्या एक विडी कामगार बाई होत्या. सगळे त्यांना अव्वा म्हणत, आम्हीही म्हणू लागलो. मांडीवर सूप, सुपात कापलेली पाने आणि तंबाखू, आणि आमच्याशी बोलताना एकदाही न थांबलेली बोटे. खोली बदलल्यावर जुन्या पत्त्यावरचे त्यांचे नाव यादीतून निघाले होते आणि नव्या पत्त्यावर ते चढले नव्हते. मुलांनी सगळे समजावले. अव्वा म्हणाल्या, “हो बाळा, येते.” दुसऱ्या आठवड्यात पुन्हा गेलो. पुन्हा म्हणाल्या, “हो, येते की.” त्या आल्या नाहीत. मुले हिरमुसली. मलाही वाटले, की त्यांना नकोच असेल.

त्याच सुमारास मी १९६४ सालच्या स्वयंसेवकांच्या अनुभवांविषयी वाचत होते. उत्तरेकडून आलेल्या गोऱ्या मुलामुलींना ओसरीवर बसलेली वयस्क कृष्णवर्णीय माणसे अदबीने ‘हो साहेब, हो बाईसाहेब’ म्हणत आणि ठरलेल्या दिवशी घराबाहेर पडत नसत. गोऱ्या माणसाला ‘नाही’ म्हणण्याची किंमत त्यांना ठाऊक होती, म्हणून ती ‘हो’ म्हणत आणि वाट पाहत, की हा पोरगा एकदाचा जाईल कधी. आपल्याला मिळालेला होकार हा खरे तर नकार आहे, आणि तो आपल्या कातडीच्या रंगाला मिळालेला आहे, हे त्या मुलांना उमगायला कित्येक दिवस लागले. हे वाचल्यावर मी अव्वांकडे एकटीच गेले आणि नोंदणीचा विषय न काढता बसून राहिले. बऱ्याच वेळाने त्यांनीच सांगितले, की याआधी त्या दोनदा कार्यालयात जाऊन आल्या होत्या. एकदा साहेब जागेवर नव्हते आणि एकदा भाड्याच्या खोलीचा पुरावा नाही म्हणून परत पाठवले. दर खेपेला अर्धा दिवस गेला, तेवढ्या विड्या कमी झाल्या आणि आठवड्याच्या पगारात तेवढे पैसे कमी आले. आमच्या कोणाच्याही वहीत हा हिशेब नव्हता.

फॅनी लू हेमर यांची कथा मी अव्वांना सांगितली नाही, पण ती मला त्यांच्याच घरी बसल्यासारखी वाटते. हेमर वीस भावंडांमधल्या विसाव्या. लहानपणापासून कापूस वेचणाऱ्या. रूलव्हिल गावाजवळच्या एका मळ्यावर त्या आणि त्यांचे यजमान वाट्याने शेती करीत आणि मळ्याच्या मालकाच्या नोंदीही हेमर ठेवीत. ऑगस्ट १९६२मध्ये गावच्या चर्चमध्ये ‘स्निक’च्या विद्यार्थ्यांची सभा झाली, आणि आपल्याला मत देण्याचा हक्क आहे हे त्यांना वयाच्या ४४व्या वर्षी प्रथम कळले. ३१ ऑगस्टला अठरा जण एका जुन्या बसने इंडियानोला येथील न्यायालयात गेले. कार्यालयाच्या दारापर्यंत पोहोचल्यावर बऱ्याच जणांचे पाय अडखळले. हेमर पुढे गेल्या. ‘कोणाकडे कामाला आहात’ या रकान्याविषयी त्या पुढे नेहमी सांगत, कारण तो रकाना भरला की संध्याकाळपर्यंत नोकरी गेलीच. त्यांना दिलेले कलम ‘वस्तुतः अस्तित्वात असलेल्या’ कायद्यांविषयीचे होते. त्याचा अर्थ त्यांना लिहिता आला नाही. परत येताना पोलिसांनी बस अडवली आणि बसचा रंग जास्तच पिवळा आहे म्हणून चालकाला दंड केला. प्रवाशांनी खिशातले पैसे गोळा केले. त्या रात्रीच मळ्याच्या मालकाने सांगितले, की अर्ज मागे घे नाहीतर जागा सोड. अठरा वर्षे त्या मळ्यावर राबलेल्या हेमर यांनी जागा सोडली.

त्या पुन्हा गेल्या. जानेवारी १९६३मध्ये त्या उत्तीर्ण झाल्या, आणि तोवर त्यांनी मधल्या काळात घटनेची कलमे विद्यार्थ्यांबरोबर बसून अभ्यासली होती. मतदानाची वेळ आल्यावर कळले, की मतदान कर भरल्याच्या पावत्या हव्यात. जून १९६३मध्ये एका प्रशिक्षणाहून परत येताना विनोना गावच्या तुरुंगात त्यांना इतके मारले गेले, की त्याचे दुखणे आयुष्यभर राहिले. पुढच्या वर्षी, २२ ऑगस्ट १९६४ रोजी, अटलांटिक सिटीमधील डेमोक्रॅटिक पक्षाच्या अधिवेशनात त्यांनी हे सगळे दूरचित्रवाणीच्या कॅमेऱ्यांसमोर सांगितले, तेव्हा राष्ट्राध्यक्ष जॉन्सन यांनी घाईघाईने पत्रकार परिषद घेऊन थेट प्रक्षेपण आपल्याकडे वळवले. त्या रात्री वाहिन्यांनी हेमर यांची साक्ष पुन्हा दाखवली आणि ती देशभर पोहोचली. त्यांच्या पक्षाला, म्हणजे मिसिसिपीतील गोऱ्यांच्या प्रतिनिधीमंडळाला आव्हान देणाऱ्या स्वातंत्र्य लोकशाही पक्षाला, अधिवेशनात प्रतिनिधींच्या केवळ दोन जागा देऊ केल्या गेल्या. त्यांनी त्या नाकारल्या. मला तो नकार बरोबर वाटतो. अनेक शहाण्या, अनुभवी नेत्यांनी तडजोड करा असा सल्ला दिला होता, पण मळ्यावरून हाकलून दिलेल्या माणसांना त्या दोन जागांची किंमत त्या नेत्यांपेक्षा जास्त चांगली कळत होती.

आता त्या उन्हाळ्याविषयी. १९६३च्या नोव्हेंबरमध्ये मिसिसिपीत एक प्रतीकात्मक मतदान घेण्यात आले होते. चर्चमध्ये, केशकर्तनालयांत, दुकानांत मतपेट्या ठेवल्या आणि सुमारे ८०,००० कृष्णवर्णीयांनी त्यांत मते टाकली. त्या वेळी येल आणि स्टॅनफर्ड विद्यापीठांतून काही गोरे विद्यार्थी मदतीला आले, आणि त्यांच्यामागोमाग पत्रकार व केंद्रीय पोलीसही आले. त्यातून उन्हाळ्यात हजारभर विद्यार्थी आणण्याची कल्पना पुढे आली. ‘स्निक’मधील अनेकांचा तिला विरोध होता. शिकलेली, टंकलेखन भराभर करणारी, इंग्रजी सफाईने बोलणारी ही मुले येतील, सगळी कामे हातात घेतील, आणि ज्या गावकऱ्याने नुकतेच सभेत उभे राहून बोलायला सुरुवात केली आहे तो पुन्हा मागे बसेल, अशी त्यांची भीती होती. हेमर यांच्यासारख्या स्थानिकांचे म्हणणे होते, की येऊ द्या. मोझेस बराच काळ द्विधा मनःस्थितीत होता. लुईस ॲलन यांच्या खुनानंतर त्याचा निर्णय झाला. कृष्णवर्णीय माणूस मेला तर देशाला त्याचे काही वाटत नाही, गोऱ्यांची मुले संकटात असली तर वाटेल, हा या निर्णयामागचा हिशेब होता, आणि तो करताना त्या तरुणांच्या मनावर काय ओझे असेल याची कल्पना करणे मला आजही अवघड जाते.

ओहायो राज्यातील ऑक्सफर्ड गावी, मुलींच्या एका महाविद्यालयात, १४ जूनपासून प्रशिक्षण सुरू झाले. प्रत्येकाने जामिनासाठी ५०० डॉलरची सोय स्वतः करायची होती. २१ वर्षांखालील मुलांना पालकांचे संमतिपत्र लागे. जमिनीवर पडल्यावर अंगाचे मुटकुळे करून डोके कसे वाचवायचे, रात्री गाडीचे दार उघडल्यावर आतला दिवा लागू नये म्हणून त्याचा बल्ब आधीच काढून ठेवायचा, कुठे जातो आणि कधी पोहोचणार हे कार्यालयात कळवल्याशिवाय निघायचे नाही, असे ते धडे होते. पहिल्या तुकडीत न्यूयॉर्कच्या क्वीन्स कॉलेजचा अँड्र्यू गुडमन होता, वय २०. मिसिसिपीत आधीपासून काम करणारा मायकेल श्वेर्नर, वय २४, आणि मेरिडियन गावचाच कृष्णवर्णीय तरुण जेम्स चेनी, वय २१, यांच्याबरोबर तो २० जूनला मेरिडियनला पोहोचला. दुसऱ्या दिवशी त्याने आईवडिलांना पत्र टाकले, की गाव छान आहे आणि हवाही छान आहे. त्याच दिवशी ते तिघे नशोबा काउंटीतील जाळलेले माउंट झायन चर्च पाहायला गेले. परत येताना पोलिसांनी त्यांना पकडले, रात्री सोडले, आणि मग वाटेत गाठून त्यांचा खून झाला.

तिघे बेपत्ता झाल्याची बातमी ऑक्सफर्डला दुसऱ्या तुकडीपुढे मोझेसने सांगितली. ज्यांना घरी परतायचे असेल त्यांनी परतावे, असे सांगितले गेले. बहुतेक सर्व जण थांबले. मृतदेह ४४ दिवसांनी, ४ ऑगस्टला, मातीच्या एका बांधाखाली सापडले. शोध चालू असताना मिसिसिपी नदीच्या पाण्यात आणखी दोन कृष्णवर्णीय तरुणांचे अवशेष मिळाले. हेन्री डी आणि चार्ल्स मूर ही त्यांची नावे. दोघे १९ वर्षांचे, मे महिन्यातच मारले गेलेले, आणि त्यांच्यासाठी तोवर देशात कोणी शोधपथक पाठवले नव्हते. श्वेर्नरची पत्नी रीटा हिने पत्रकारांना तेव्हाच सांगितले होते, की चेनी एकटा नाहीसा झाला असता तर तुम्ही येथे आला नसता. तिघांच्या हत्येतील एका प्रमुख आरोपीला राज्याच्या न्यायालयात सदोष मनुष्यवधासाठी दोषी ठरवायला २१ जून २००५ हा दिवस उजाडावा लागला, म्हणजे बरोबर ४१ वर्षे.

उन्हाळा मात्र थांबला नाही. मुले कृष्णवर्णीय कुटुंबांच्या घरी राहिली, त्यांच्याच ताटातले जेवली, आणि त्यांना आश्रय दिल्याबद्दल त्या घरांवर बॉम्ब पडले. सकाळी कापसाच्या शेतांच्या कडेने, दुपारी ओसऱ्यांवर, संध्याकाळी चर्चमध्ये असे त्यांचे दिवस जात. चाळीसहून अधिक स्वातंत्र्यशाळा चालल्या. त्यांत लहानथोर मिळून दोन हजारांहून अधिक विद्यार्थी आले आणि सरकारी शाळेत कधीच न शिकवला गेलेला स्वतःचा इतिहास शिकले. हजारावर अटका झाल्या, ३७ चर्च जाळली किंवा उडवली गेली. आणि नोंदणी? सुमारे १७,००० जणांनी अर्ज भरण्याचा प्रयत्न केला, त्यांपैकी सुमारे १,६०० जणांचीच नावे यादीत लागली. मुलांना हे आकडे सांगितले तेव्हा त्यांना वाटले, की मग तो उन्हाळा अयशस्वी झाला. मला १७,००० या आकड्यापाशीच थांबावेसे वाटते. तितकी माणसे त्या खोलीच्या दारापर्यंत चालत गेली आणि प्रत्येकाचे नाव वृत्तपत्रात छापले जाणार होते.

पुढचा भाग अनेकांना ठाऊक आहे. अलाबामातील सेल्मा येथे, जेथे काउंटीतील १५,००० पात्र कृष्णवर्णीयांपैकी जेमतेम ३०० जण यादीत होते, बर्नार्ड लाफायेट १९६३ सालीच जाऊन राहिला होता. ७ मार्च १९६५ रोजी जॉन लुईस आणि होझिया विल्यम्स यांच्यामागून पुलावर निघालेल्या सुमारे ६०० लोकांवर लाठ्या आणि अश्रुधूर चालला, देश हादरला, आणि ६ ऑगस्टला मताधिकार कायद्यावर सही झाली. साक्षरतेच्या परीक्षा गेल्या, केंद्राचे नोंदणी अधिकारी आले. १९६७ सालापर्यंत मिसिसिपीतील कृष्णवर्णीयांची नोंदणी सात टक्क्यांच्या आतून साठ टक्क्यांच्या आसपास पोहोचली. कायदा झाल्यावरही माणसे मेली. टस्कीगी येथील विद्यार्थी सॅमी यंग, जो नोंदणीचे काम करीत असे, जानेवारी १९६६मध्ये गोळीला बळी पडला.

आपल्या पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीच्या वेळी मुख्य निवडणूक आयुक्त सुकुमार सेन यांच्यापुढे वेगळी अडचण होती. अनेक बायकांनी नोंद घ्यायला आलेल्या माणसाला आपले नावच सांगितले नाही, अमक्याची बायको किंवा तमक्याची आई एवढेच सांगितले. सेन यांनी अशा नोंदी स्वीकारल्या नाहीत आणि सुमारे २८ लाख स्त्रिया यादीबाहेर राहिल्या. निर्णय कठोर होता, पण पुढच्या निवडणुकीपर्यंत त्या घरांत पुन्हा कोणीतरी गेले असणार, बसले असणार, नाव विचारले असणार. त्या ‘कोणीतरी’ची नोंद कुठेच नाही.

अव्वांकडे शेवटी आमच्यापैकी कोण गेले ते सांगते. ज्या मुलीने मला पहिल्या आठवड्यात तो प्रश्न विचारला होता, तीच. तिची आई विड्या वळते. त्यामुळे माल कोणत्या दिवशी जमा करायचा असतो आणि कोणत्या दिवशी हात थोडा मोकळा असतो, हे तिला विचारावे लागले नाही. तो दिवस तिने ठरवला. आदल्या रात्री जाऊन अव्वांची पाने कापून दिली, घरमालकाकडून कागद मिळवला, आणि सकाळी त्यांना घेऊन कार्यालयात गेली. खिडकीमागच्या माणसाने काय काम आहे असे विचारल्यावर अव्वा गप्प राहिल्या. तिने सांगितले. मार्चअखेर नाव यादीत आले.

गुडमनविषयी वाचताना एक गोष्ट माझ्या बरीच उशिरा ध्यानात आली. १९६४ साली न्यूयॉर्कमध्ये मतदानाचे वय २१ होते. त्याला २१ वर्षे पूर्ण व्हायची होती २३ नोव्हेंबरला, आणि राष्ट्राध्यक्षपदाचे मतदान होते ३ नोव्हेंबरला. तो जिवंत राहिला असता तरी त्या वर्षी त्याला मत देता आले नसते. त्याच्यासारख्या कित्येकांची हीच स्थिती होती. तेथे वय १८ वर आले ते १९७१ साली, आपल्याकडे १९८९ साली. ही गोष्ट वर्गात सांगितली तेव्हा ती मुलगी नंतर माझ्या टेबलापाशी येऊन म्हणाली, “मॅडम, मला ऑगस्टमध्ये अठरा पूर्ण होतात.”

७ मे रोजी सोलापुरात मतदान झाले. ऊन असे होते, की नऊ वाजताच रस्ता तापलेला. ती अव्वांना शाळेच्या फाटकापर्यंत घेऊन आली, त्यांची चिठ्ठी आणि ओळखपत्र त्यांच्या हातात दिले, आणि स्वतः बाहेर लिंबाच्या झाडाखाली त्यांची छत्री धरून उभी राहिली. पाऊण तासाने अव्वा बाहेर आल्या. घरी पाने भिजत घातलेली होती, म्हणून दोघी लगेच रिक्षाने परत निघाल्या.